जादूच्या अनुनादाचा सिद्धांत कसा रचावा: काल्पनिक जग उभारणाऱ्या नवोदितांसाठी

सतारीची मुख्य तार छेडली की खालची तरफेची तार हात न लावता गुणगुणू लागते. हे रोज घडतं, त्यामागचं कारण ठाऊक असतं, तरी ऐकताना अंगावर शहारा येतोच. कादंबरी, खेळ किंवा चित्रकथेसाठी जग रचणाऱ्यांना अनुनादाची, म्हणजे लय जुळली की वस्तू आपोआप थरथरू लागते या गोष्टीची, जादू हवीहवीशी वाटते ती यामुळेच. मंत्र म्हणजे योग्य सूर, सूर जुळला की दगड हलतो. कल्पना सुंदर आहे आणि वाचकाला लगेच पटते.

अडचण पुढे येते. पहिल्या भागात पेला फुटतो, पाचव्यात दरवाजा उघडतो, दहाव्यात डोंगर कोसळतो, आणि मग कुणी शहरच का उडवत नाही याचं उत्तर लेखकाकडे नसतं. अशा बहुतेक सिद्धांतांत जादू कशी निर्माण होते हे लिहिलेलं असतं, ती कुठून गळते हे लिहिलेलं नसतं. अनुनादाच्या खऱ्या विज्ञानात गळती हाच गाभा आहे. ती आधी ठरवलीत तर ताकद, वेळ, अचूकता, धोका, बचाव हे सगळं तिच्यातूनच निघतं, वेगळे नियम करावे लागत नाहीत.

खाली एक नमुना-जग घेऊन पायरीपायरीने सिद्धांत रचला आहे. जादूचा भाग कल्पित आहे, पण गणित खरं आहे. कागद, पेन्सिल आणि साधं गणकयंत्र पुरेल.

पायरी १: थरथरणारी वस्तू एकच ठेवा

नवी गोष्ट एकच आणा, बाकी सगळं निसर्गाकडून उसनं घ्या. नमुना-जगात तिला ‘ओज’ म्हणू. नियम तीनच: प्रत्येक घन वस्तूत ओज असतं, ते मागेपुढे झोके घेतं, ओजाचा झोका मोठा झाला की वस्तू हलते. चौथा नियम लिहावासा वाटला तर आधी पाहा, तो या तिघांतून निघतो का. बहुतेक वेळा निघतो.

आता ओजाचा वेग ठरवा. पुष्कळजण इथे काहीच लिहीत नाहीत आणि पुढे अडकतात. वेग हवेतल्या आवाजाइतका, म्हणजे सेकंदाला सुमारे ३४० मीटर ठेवला, तर ३.४ किलोमीटरवर केलेली जादू पोचायला १० सेकंद लागतील. या १० सेकंदांत अख्खा प्रसंग बसतो. वेग अमर्याद ठेवलात तर प्रतिध्वनी नाही, लाट नाही, दोन लाटा एकमेकींना खोडून काढतात अशी शांत जागाही नाही. म्हणजे अनुनादातलं अर्धं सौंदर्य गेलं.

अंतराचा नियम नव्याने शोधू नका. मोकळ्यात वर-खाली धरून सगळ्या बाजूंना पसरणाऱ्या कोणत्याही लाटेची तीव्रता अंतराच्या वर्गाने घटते: १ मीटरवर जेवढी असेल, त्याचा शंभरावा भाग १० मीटरवर. तारेतून किंवा नळीतून नेली तर ती अशी पसरत नाही. यावरून जगाची रचनाच सुचते. जादू दूर न्यायची तर तारा ओढाव्या लागतील, तारा कुणाच्या तरी मालकीच्या असतील, आणि त्या कापता येतील.

अख्ख्या ग्रहाला एक मूळ सूर द्यायचा मोह झाला तर त्यालाही खरा आधार आहे. पृथ्वीचा पृष्ठभाग आणि वरचं आयनांबर (वातावरणातला विद्युतभारित कणांचा थर) यांच्यामधल्या पोकळीत विजांमुळे विद्युतचुंबकीय लहरींचा अनुनाद होतो. त्याचा सर्वांत खालचा सूर सेकंदाला सुमारे ७.८ कंपनं, शुमान यांनी १९५२ मध्ये त्याचं भाकीत केलं होतं. प्रकाश सेकंदात पृथ्वीला साधारण साडेसात फेऱ्या घालू शकतो, म्हणून आकडा त्याच्या आसपास येतो. तुमच्या ग्रहाचा घेर दुप्पट असेल तर सूर साधारण निम्म्यावर उतरेल.

पायरी २: प्रत्येक वस्तूचा स्वभाव

वस्तूला एकदा धक्का देऊन सोडून दिली की ती ज्या लयीत हलते, ती तिची नैसर्गिक वारंवारता. तुमच्या जगातल्या लोकांनी तिला ‘स्वभाव’ म्हटलं तर छान बसतं.

स्वभाव दोन गोष्टींवर ठरतो: वस्तू किती ताठ आणि किती जड. ताण चौपट केला की तारेचा सूर दुप्पट चढतो, तारेचं वजन चौपट केलं की निम्म्यावर येतो, लांबी निम्मी केली की पुन्हा दुप्पट. लंबकाला वजनाशी घेणंदेणं नाही, फक्त लांबीशी. १ मीटर लांबीचा लंबक एका पूर्ण झोक्याला २ सेकंद घेतो, २५ सेंटिमीटरचा १ सेकंद.

याचा कथेत थेट उपयोग होतो. पावसात भिजलेला दरवाजा जड होतो, त्याचा स्वभाव खाली उतरतो आणि कालचा मंत्र आज चालत नाही. मंत्रांची वही पाठ करणारा इथे फसतो, कान असलेला तरतो.

एकच स्वभाव देऊन थांबू नका. तार सेकंदाला १०० कंपनांवर (पुढचे सगळे सूरही असेच मोजले आहेत) कंप पावत असेल तर ती २०० आणि ३०० लाही साद देते. दोन्ही टोकं मोकळी असलेली लोखंडी कांब मात्र असं पूर्णांकांत वागत नाही: तिचे सूर १००, साधारण २७६, मग ५४० असे येतात. महत्त्वाच्या वस्तूंना मूळ सूर आणि वरचे दोन एवढे लिहून ठेवले की काम भागतं.

कंप पावणाऱ्या वस्तूवर काही जागा अजिबात हलत नाहीत. त्यांना निस्पंद बिंदू म्हणतात. धातूच्या पत्र्यावर बारीक वाळू पसरून कडेला व्हायोलिनचा गज घासला की वाळू थरथरत्या भागातून उडत-सरकत या शांत रेषांवर जमते आणि नक्षी उमटते. क्लाडनी यांनी या आकृत्या १७८७ मध्ये प्रसिद्ध केल्या. तुमच्या जादूगाराच्या कमरेला वाळूची पिशवी द्या. कुठे ढकलायचं हे त्याला तीच सांगेल, कारण निस्पंद रेषेवर कितीही जोर लावला तरी तो कंप वाढत नाही.

पायरी ३: टिकाव (इथे घाई करू नका)

घंटा वाजवा आणि ऐका. काशाची घंटा बराच वेळ घुमते, लाकडी फळी ‘ठक’ करून गप्प होते. दोघींनाही धक्का तेवढाच बसला, फरक गळतीचा. गळती किती कमी आहे हे सांगणारा आकडा म्हणजे टिकाव. भौतिकीत याला गुणवत्ता गुणांक म्हणतात. कथेत टिकाव म्हणावं.

या एका आकड्यातून चार गोष्टी निघतात.

पहिली, वाढ. टिकाव ५० असेल तर अचूक लयीत दिलेल्या बारीक धक्क्यांनी झोका शेवटी पन्नासपट होतो. म्हणजे तेवढाच जोर स्थिर लावून धरला असता तर वस्तू जेवढी सरकली असती, त्याच्या पन्नासपट.

दुसरी, वेळ. ही वाढ एकदम येत नाही. टिकाव जितका, तितके झोके दिल्यावर झोका कमाल मर्यादेच्या सुमारे ९६ टक्के होतो. निम्मे झोके दिले तर ७९ टक्के, पाव दिले तर ५४ टक्के. मंत्र मध्येच तुटला तर काय होईल याचं उत्तर इथेच मिळतं.

तिसरी, अचूकता. स्वभावाला टिकावाने भागा, म्हणजे खिडकीची, सूर किती चुकला तरी चालेल त्या पट्ट्याची, रुंदी मिळते. त्या रुंदीच्या निम्म्याने सूर चुकला की शक्ती अर्धी. पूर्ण रुंदीने चुकला की झोका ४५ टक्के, पाच रुंदींनी चुकला की जेमतेम १० टक्के.

चौथी, गळालेली ऊर्जा. तिच्यासाठी वेगळी पायरी आहे.

नमुना-जगातल्या काही वस्तू पाहा. आकडे आपण ठरवलेले आहेत, निष्कर्ष गणिताने आले आहेत.

- काचेचा पेला: स्वभाव ६००, टिकाव ६००. पूर्ण भरायला, म्हणजे झोका जवळपास कमाल व्हायला, १ सेकंद, खिडकी १ कंपनाची.
- पोलादी तलवार: स्वभाव ३००, टिकाव १५००. ५ सेकंद, खिडकी फक्त ०.२.
- दगडी दरवाजा: स्वभाव २, टिकाव ५०. २५ सेकंद, खिडकी ०.०४.
- डोंगराचा कडा: १० सेकंदांना एक झोका, टिकाव २००. पूर्ण व्हायला २००० सेकंद, म्हणजे ३३ मिनिटं.
- माणसाचं शरीर: स्वभाव ५, टिकाव ३. ०.६ सेकंदात भरतं, पण वाढ जेमतेम तिप्पट.

शेवटची ओळ नीट पाहा. देह मऊ आणि ओला, त्यात कंप लगेच विरतो. त्यामुळे ‘जादूगार शत्रूचं हृदय का थांबवत नाही’ या प्रश्नाला बंदीचा कायदा, देवाचा शाप असली ठिगळं लावावी लागत नाहीत. माणसाचा टिकाव ३ आहे, बस्स. त्याच्या हातातल्या तलवारीचा मात्र १५०० आहे. तुमच्या जगातले सैनिक मग पोलाद सोडून शिसं आणि चामड्याकडे वळतील, आणि त्या बदलाची कथा आपोआप सुरू होईल.

पायरी ४: पुरवठा आणि हिशेब

अनुनाद ऊर्जा निर्माण करत नाही, साठवतो. हे वाक्य भिंतीवर लावा.

माणूस काही वेळ सलग कष्ट करून साधारण १०० वॉट देऊ शकतो. दगडी दरवाजाला २५ सेकंद लागतात, म्हणजे ओतलेली ऊर्जा २५०० जूल. टिकावाइतके झोके होईपर्यंत एकसारखी शक्ती ओतत राहिलं, तर शेवटी वस्तूत त्यातला साधारण सहावा भागच उरतो, अचूक सांगायचं तर १६ टक्के. दरवाजात उरले ४०० जूल: ४० किलोचं वजन १ मीटर उचलण्याइतके. कडी उडवायला भरपूर, भिंत पाडायला अपुरे.

उरलेल्या २१०० जूलांची उष्णता होते. ती सगळी जादूगाराच्या हातातल्या १०० ग्रॅमच्या लोखंडी कांडीत गेली असं धरा. लोखंडाच्या एवढ्या तुकड्याला १ अंशाने तापवायला ४५ जूल लागतात, म्हणजे कांडी सुमारे ४७ अंशांनी तापेल. २५ अंशांवर असलेली कांडी ७२ वर. पंचविसाव्या सेकंदाला ती उघड्या हातात धरवणार नाही. एकाच हिशेबातून जादूगाराचा हातमोजा आला, तळहातावरचे चट्टे आले, आणि पाण्याची बादली घेऊन शेजारी उभा राहणारा शिकाऊ मुलगाही आला.

आता डोंगर. ३३ मिनिटं १०० वॉट म्हणजे २ लाख जूल, त्यातले सुमारे ३२,००० उरणार. ३ टनांचा धोंडा जेमतेम १ मीटर उचलला जाईल. एकट्याने डोंगर कोसळत नाही, हे गणितच सांगतं. पण आधीच निसटायला टेकलेला धोंडा असेल तर? तो ढळेल. आता तुमच्या जादूगाराला डोंगर वाचता यायला हवा.

पायरी ५: जुळणी, प्रत्यक्ष कृती

जादू करण्याचा प्रसंग लिहिताना हा क्रम ठेवा.

आधी वस्तूला हलकी टिचकी मारून तिचा सूर ऐकायचा. मग स्वतःचा सूर त्याच्या जवळ आणायचा. दोन सूर जवळ आले पण जुळले नाहीत की आवाज फुगतो-ओसरतो. यांना विस्पंद म्हणतात, आणि त्यांची संख्या म्हणजे दोन सुरांमधला फरक. घंटा ४४०, जादूगार ४३७: सेकंदाला तीन हेलकावे, वाँव-वाँव-वाँव. तो ४३९.५ वर आला की हेलकावा दोन सेकंदांना एक. ४३९.९ वर आला की दहा सेकंदांत एकच लांब उसासा.

इथे एक फार मोलाची गोष्ट हाती लागते. फरक ०.१ पर्यंत आला आहे याची खात्री करायला दहा सेकंद ऐकावंच लागतं. तलवारीची खिडकी ०.२ ची, म्हणजे दोन्ही बाजूंना ०.१. समोरचा तलवार उगारून धावत येत असताना जादूगाराने दहा सेकंद कान लावून उभं राहायचं आणि मग पाच सेकंद ती भरायची. तुमच्या द्वंद्वातला ताण या पंधरा सेकंदांत आहे.

जुळल्यावर धक्का कधी द्यायचा? झोपाळ्यावर मुलाला ढकलणारा प्रत्येकजण हे हाताने जाणतो: झोका ज्या दिशेला जातोय त्याच दिशेला, त्याच्या वेगाबरोबर. अनुनादात वस्तूची जागा धक्क्याच्या पाव झोका मागे असते. नवशिका झोका टोकाला पोचल्यावर जोर लावतो आणि ताकद वाया घालवतो. अर्धा झोका चुकला तर तो स्वतःच भरलेली ऊर्जा काढून घेतो.

अजून एक सापळा, जो फार कमी सिद्धांतांत दिसतो. झोका मोठा झाला की स्वभाव सरकतो. लंबकाचा झोका मध्यापासून ३० अंशांपर्यंत गेला की त्याचा काळ सुमारे १.७ टक्क्यांनी वाढतो, ९० अंशांपर्यंत गेला की १८ टक्क्यांनी. ५० टिकावाच्या दरवाजाची खिडकी २ टक्के रुंद आहे, म्हणजे प्रत्येक बाजूला १ टक्का. तो लंबकासारखा वागत असेल तर ३० अंशांच्या आतच जादूगार खिडकीबाहेर पडतो, झोका स्वतःच खचतो. उस्ताद वाढत्या झोक्याबरोबर आपला सूर केसाकेसाने उतरवत नेतो. शिकाऊ आणि उस्ताद यांच्यातला फरक ‘अधिक शक्ती’ असा लिहू नका. तो इथे लिहा.

पायरी ६: अनेकांनी मिळून

शंभर जणांनी एका लयीत जोर लावला तर एकत्र जोर शंभरपट होतो. प्रत्येकाची लय वेगळी असेल तर साधारण दहापटच, म्हणजे संख्येच्या वर्गमुळाइतका. ऊर्जेचा हिशेब तरी तोच राहतो: शंभर जणांच्या घामापेक्षा जास्त काही बाहेर येत नाही.

लय आपोआपही जुळते, आणि ती नेहमी हवी तशी नसते. ह्यूगेन्स यांनी १६६५ मध्ये पाहिलं की एकाच आधाराला टांगलेली दोन लंबकाची घड्याळं काही वेळाने एकमेकांशी जुळतात, पण उलट दिशेने: एक डावीकडे तेव्हा दुसरं उजवीकडे. एकाच लाकडी मंचावर दोन जादूगार उभे केलेत तर ते नकळत एकमेकांना खोडतील. दोन वेगळे दगडी ओटे द्या.

लंडनचा मिलेनियम पूल १० जून २००० ला खुला झाला. पूल किंचित डोलला की चालणारे तोल सावरायला त्याच लयीत पाय टाकत, त्याने डोलणं आणखी वाढे. ठरावीक गर्दीपर्यंत काही नाही, त्यापुढे एकदम झपाट्याने. दोन दिवसांत पूल बंद झाला आणि कंप शोषणारी यंत्रणा बसवून २००२ मध्ये पुन्हा उघडला. सामूहिक जादूला असा उंबरठा द्या: अमुक संख्येच्या खाली शांतता, वर गेलं की कुणाच्याच हातात नाही.

पायरी ७: बचाव

प्रत्येक हल्ल्याला तीन उत्तरं हवीत, आणि तिन्ही आतापर्यंतच्या नियमांतूनच मिळतात. टिकाव पाडा: ओलं कापड, वाळू, चामडं. स्वभाव हलवा: वजन लावा, ताण सोडा. किंवा शेजारी त्याच स्वभावाचं जड वजन टांगा, म्हणजे झोका ते घेईल. तैपेई १०१ या इमारतीत वरच्या मजल्यांवर ६६० टनांचा लंबक नेमका यासाठी टांगला आहे. तुमच्या राजवाड्याच्या घुमटात असा गोळा असेल, तर त्याचे दोर कापणारा फितूर हा तुमच्या कथेतला सर्वांत धोकादायक माणूस.

सैन्याचा नियमही घ्या. १८३१ मध्ये इंग्लंडमधला ब्रॉटनचा झुलता पूल सैनिक पावलं जुळवून चालत असताना कोसळला. त्यानंतर पुलावर पावलं मोडून चालण्याचा आदेश निघाला.

कुठे बिघडतं

सगळ्यात जास्त आढळणारी चूक म्हणजे टॅकोमा नॅरोज पुलाचा दाखला. ७ नोव्हेंबर १९४० ला वाऱ्यात पिळवटून तुटलेला हा पूल अनुनादाचं उदाहरण म्हणून सर्रास दिला जातो. तिथे वारा कुठल्या ठरावीक लयीत धक्के देत नव्हता; पुलाच्या हालचालीनेच वाऱ्याचा जोर त्याच लयीत येत राहिला आणि कंप स्वतःला वाढवत गेला. याला फडफड म्हणणं जास्त योग्य. तुमच्या जगात दोन्ही प्रकार ठेवता येतील, पण नावं वेगळी ठेवा. अनुनादाला जुळवणारा लागतो, फडफडीला फक्त वाहणारी गोष्ट लागते. जुळवणाऱ्याला थांबवलं तरी फडफड थांबत नाही.

दुसरी चूक, ‘जितकं मोठं तितकं सुरक्षित’ किंवा नेमकं उलट. १९ सप्टेंबर १९८५ च्या भूकंपात केंद्र साडेतीनशे किलोमीटरहून दूर असूनही मेक्सिको सिटीतली जुन्या तळ्याच्या गाळावरची जमीन साधारण दोन सेकंदांना एक अशी डोलली. सर्वाधिक फटका मध्यम उंचीच्या इमारतींना बसला, कारण त्यांची लय त्याच्या जवळ होती. बुटकी घरं आणि फार उंच मनोरे तुलनेने बचावले. वेढ्याचा प्रसंग लिहिताना कोणता बुरूज आधी पडेल हे उंचीवरून ठरवा, खलनायकाच्या रागावरून नको.

तिसरी चूक, वारंवारता हा शब्द ‘चांगली’ किंवा ‘वाईट’ अशा अर्थाने वापरणं. ३०० कंपनं वाईट नसतात, ती फक्त ३०० असतात. नैतिकता पात्रांकडे राहू द्या.

पायरी ८: तपासणी

प्रत्येक महत्त्वाच्या वस्तूसाठी एक ओळ लिहा: स्वभाव, टिकाव, भरायला लागणारा वेळ, खिडकी, साठणारी ऊर्जा. मग तुमचा सर्वांत भव्य प्रसंग या ओळीवर घासून पाहा. वेळ पुरतो का, हात भाजतो का, ऊर्जा कुठून आली?

प्रसंग बसत नसेल तर आकडा बदलू नका, वस्तूची अवस्था बदला. पहिल्या भागात ज्या घंटेचा टिकाव २००० लिहिलात, ती शेवटच्या भागात वाजून चालणार नसेल तर तिला केसाएवढा तडा द्या. आकार तोच, वजन जवळपास तेच, पण तड्याच्या कडा एकमेकींवर घासतात, कंप तिथे उष्णता होऊन विरतो आणि घुमणारी घंटा ‘थड्’ एवढंच म्हणते. तो तडा तीन भाग आधी कुणाच्या तरी हाताखाली, पुसता पुसता, खरखरीत लागलेला असू द्या.